गर्द सावली आणि नाकावरचा राग: 'अम्ब्रेजस' या शब्दाची गोष्ट

इंग्रजी वर्तमानपत्र रोज चाळणाऱ्याला 'टुक अम्ब्रेज' हा प्रयोग नवा नाही. अमक्या मंत्र्यांनी तमक्याच्या विधानावर 'अम्ब्रेज' घेतला, विरोधकांनी अध्यक्षांच्या शेऱ्यावर घेतला, एखाद्या क्रिकेटपटूने समालोचकाच्या टोमण्यावर घेतला. अर्थ संदर्भावरून लागतोच: मनाला लावून घेतलं, राग धरला. मग कधीतरी याच वाचकाच्या हातात शंभर-दीडशे वर्षांपूर्वीच्या एखाद्या गोऱ्या साहेबाचं प्रवासवर्णन पडतं आणि त्यात साहेब आपला तंबू एका 'अम्ब्रेजस' आमराईत ठोकतात. आता आमराईला कसला राग आला?

शब्दकोश उघडला की गोंधळ मिटायच्या ऐवजी वाढतो. 'अम्ब्रेजस' या विशेषणाचे तिथे साधारण तीन अर्थ दिलेले असतात: सावली देणारा, सावलीत असलेला, आणि चटकन मनाला लावून घेणारा, म्हणजे आपल्याकडे ज्याच्या नाकावर राग असतो म्हणतात तो. वड, वडाखालची वाट आणि लग्नात रुसून बसलेले काका, तिघांना एकच विशेषण. शब्दकोश एवढं सांगून थांबतो. हे तिघे एकत्र कसे आले ते तो क्वचितच सांगतो, आणि खरी गंमत तिथेच आहे.

उच्चार आधी पक्का करू. 'अम-ब्रे-जस', आणि जोर मधल्या 'ब्रे'वर. नाम 'अम्ब्रेज', त्याचं विशेषण 'अम्ब्रेजस'. मुळाशी लॅटिन 'उंब्रा', म्हणजे सावली. त्यावरून जुन्या फ्रेंचमध्ये 'ओंब्राज' झाला आणि तो पंधराव्या शतकात इंग्रजीत उतरला. विशेषण मागाहून आलं, सोळाव्या शतकाच्या अखेरीस. तेव्हा त्याचा अर्थ सावलीपुरताच होता. शेक्सपिअरच्या हॅम्लेटच्या तोंडी 'अम्ब्रेज' येतो तोसुद्धा निव्वळ सावली याच अर्थाने: त्या माणसाची बरोबरी कोण करणार, करायला गेला तर फार तर त्याची सावली होईल, असं तो थट्टेने म्हणतो. रुसव्या-फुगव्याचा तिथे संबंध नाही.

पहिला अर्थ सोपा दिसतो, पण त्याला दोन तोंडं आहेत. झाड 'अम्ब्रेजस' म्हटलं तर ते सावली देतं. वाट 'अम्ब्रेजस' म्हटली तर तिच्यावर सावली पडलेली असते. देणारा आणि घेणारा दोघांनाही तोच शब्द लागतो, आणि कोणता अर्थ घ्यायचा ते पुढचं नाम ठरवतं.

फक्त देणाऱ्यासाठी असा एक शब्द आपल्याकडे बावीसशे वर्षांपूर्वी दगडात कोरला गेला आहे. अशोकाने रस्त्यांवर झाडं लावली हे आपण शाळेत घोकलेलं असतं. ते वाक्य जिथून आलं तो सातवा स्तंभलेख आज दिल्लीत फिरोजशाह कोटल्यावर उभ्या असलेल्या खांबावर आहे. त्यात राजा म्हणतो: 'मगेसु पि मे निगोहानि लोपापितानि छायोपगानि होसंति पसुमुनिसानं.' मार्गांवर मी वड लावले आहेत, ते पशूंना आणि माणसांना सावली देणारे होतील. 'निगोह' म्हणजे न्यग्रोध, आपला वड. आणि 'छायोपग' म्हणजे नेमका पहिल्या अर्थाचा 'अम्ब्रेजस'. त्यातही पशू आधी आणि माणसं नंतर. भर उन्हात बैलगाडी हाकलेल्याला तो क्रम बरोबर वाटेल.

इंग्रजीत हा शब्द ज्या कवीमुळे प्रतिष्ठित झाला तो मिल्टन. १६६७ साली प्रसिद्ध झालेल्या 'पॅराडाइज लॉस्ट'मध्ये बायबलमधल्या ईडनच्या बागेचं वर्णन करताना तो 'अम्ब्रेजस' गुहांचा उल्लेख करतो: गार, आडोशाच्या, वरून वेल पसरलेल्या. लक्षात घ्या, इथे झाड नाहीच, गुहा आहे. म्हणजे सावलीत असलेली जागा. पुढच्या दोन शतकांत बागा आणि निसर्ग यांवर लिहिणाऱ्या कैक इंग्रजांनी हा शब्द उचलला. त्यांची चूकही म्हणता येत नाही. जिथे ऊन हीच मेजवानी असते त्या देशात सावलीची ओढ बरीचशी पुस्तकातून येते, लॅटिन कवींच्या भूमध्य सागराकाठच्या उन्हाळ्यातून. तिथला गुराखी झाडाखाली बासरी वाजवतो, म्हणून इंग्लंडातल्या कवितेतलाही वाजवतो, मग बाहेर पाऊस का पडत असेना.

याच काव्यात पुढे मिल्टनला अस्सल सावली हवी होती तेव्हा तो थेट आपल्याकडे वळला आहे. देवाने मना केलेलं फळ खाल्ल्यावर ॲडम आणि ईव्ह या पहिल्या जोडप्याला लाज वाटते, अंग झाकायला पानं हवी असतात आणि ते एका झाडाकडे जातात. कोणतं झाड? मिल्टन सांगतो, अंजिराच्या जातीचं, पण फळासाठी प्रसिद्ध असलेलं नव्हे, तर मलबार आणि 'डेक्कन'मधल्या भारतीयांना आजही ठाऊक असलेलं. ज्याच्या फांद्यांतून मुळं जमिनीत उतरतात, आईभोवती मुली उभ्या राहाव्यात तशी खोडं वाढतात आणि खांबांवर तोललेली सावली तयार होते. तिथे उन्हाला कंटाळलेला गुराखी बसतो आणि दाट सावलीत पाडलेल्या झरोक्यांतून आपली गुरं राखतो. पारंब्यांचं याहून चांगलं वर्णन इंग्रजीत सापडणं कठीण आहे. माणूस तोवर आंधळा झाला होता आणि दख्खनच्या जवळपासही कधी फिरकला नव्हता. त्याच्यासमोर असावं ते जॉन जेरार्ड या वनस्पतींच्या अभ्यासकाने १५९७ साली केलेलं वर्णन. एक घोळ मात्र झाला: वडाची पानं ढालीएवढी रुंद असतात असं मिल्टनने लिहिलं. ही समजूत ग्रीक आणि रोमन लेखकांपासून चालत आलेली. वडाच्या पानाने अंग झाकायचं तर ईव्हला बरीच टाचणी करावी लागली असती. जेवायच्या पत्रावळीलाही आपण ती जोडूनच घेतो.

पान केवढं आहे याला सावलीच्या बाबतीत मात्र फार महत्त्व आहे, आणि त्यासाठी 'उंब्रा' या मूळ शब्दाकडे थोडं शास्त्राच्या अंगाने पाहावं लागेल. ग्रहणाच्या बातम्यांत 'उंब्रा' आणि 'पेनंब्रा' हे शब्द येतात. मराठीत आपण प्रच्छाया आणि उपच्छाया म्हणतो. 'पेनंब्रा' हा शब्द खगोलशास्त्रज्ञ योहानेस केप्लरने १६०४ साली घडवला: 'पेने' म्हणजे जवळजवळ, म्हणून 'जवळजवळ सावली'. सूर्य हा ठिपका नाही, आकाशात तो साधारण अर्ध्या अंशाएवढी तबकडी व्यापतो. त्यामुळे कोणत्याही वस्तूमागे दोन प्रकारची जागा तयार होते. एका जागेवरून सूर्य पूर्ण झाकलेला असतो, तिथे प्रच्छाया. तिच्या कडेला सूर्याचा थोडा भाग दिसत राहतो, तिथे उपच्छाया. सावलीची कड कधीच सुरीने कापल्यासारखी का नसते, याचं कारण हेच.

आता हिशेब पाहा. सूर्य त्याच्या व्यासाच्या सुमारे १०८ पट अंतरावर आहे. (जपमाळेच्या मण्यांशी याचा संबंध जोडणारे संदेश फिरत असतात, त्यांना फिरू द्या.) याचा परिणाम असा की कोणतीही छोटी वस्तू स्वतःच्या रुंदीच्या साधारण १०८ पट अंतरापर्यंतच पूर्ण सावली टाकू शकते. त्यापलीकडे तिच्या भोवतीने सूर्याची कड दिसायला लागते आणि उरते ती नुसती उपच्छाया. वडाचं पान १० सेंटिमीटर रुंद धरलं तर त्याची प्रच्छाया ११ मीटरच्या आसपास पोचते. झाडाच्या वरच्या फांद्यांवरचं पानसुद्धा पारावर बसलेल्याच्या डोक्यावर जवळजवळ पूर्ण सावली धरून असतं. आंब्याचं पान ५ सेंटिमीटर धरा, त्याची प्रच्छाया साडेपाच मीटरच्या आतच संपते. आणि चिंच? तिची बारीक पर्णिका अर्धा सेंटिमीटर रुंद. तिची प्रच्छाया अर्ध्या मीटरच्या थोडी पुढे गेली की संपली.

म्हणून चिंचेखालची सावली आणि वडाखालची सावली यांचा पोतच वेगळा असतो. भर दुपारी दोन्हींखाली जमिनीकडे बघा. वडाखाली काळोखी मोठे पट्टे आणि मधेच झगझगीत कवडसे. चिंचेखाली पानांच्या कडा कुठेच दिसत नाहीत, सगळा एक मऊ करडा रंग पसरलेला. चिंच काही कमी सावली देत नाही. हजारो पर्णिकांचे थर एकावर एक आल्याने ऊन गाळून गाळून खाली येतं. पण ती सावली बव्हंशी उपच्छायांची बनलेली असते.

कवडशांबद्दलही एक सांगायला हवं, कारण ते रोज दिसतात आणि क्वचितच कोणी निरखतं. पानांमधली फट वाकडीतिकडी, तिकोनी, चिंचोळी, कशीही असली तरी झाड पुरेसं उंच असेल तर जमिनीवरचा कवडसा गोल किंवा लंबगोलच पडतो. तो फटीचा आकार नसतो, सूर्याची प्रतिमा असते. खंडग्रास ग्रहणाच्या वेळी झाडाखाली गेलात तर जमिनीवर शेकडो चंद्रकोरी पसरलेल्या दिसतात. ग्रहण बघायचा हा सगळ्यांत स्वस्त आणि डोळ्यांना सुरक्षित मार्ग.

'अम्ब्रेजस' हे विशेषण झाडालाच का लागतं, पत्र्याच्या शेडला का लागत नाही, हेही इथेच उलगडतं. शब्दकोश तशी सक्त मनाई करत नाही, पण वापर पाहिला तर झाडं, राया, बागा, वाटा एवढ्यांनाच तो शोभतो. सावली म्हणजे फक्त ऊन अडवणं असतं तर पत्राही पुरला असता. पत्रा ऊन अडवतो आणि स्वतः तापून तीच उष्णता खाली फेकतो. झाडाची पानं मात्र पाणी बाष्परूपाने सोडत राहतात, त्यामुळे ती स्वतः फारशी तापत नाहीत आणि खाली बसलेल्याला भाजत नाहीत. नागपुरात पारा ४५ वर गेला असं आपण वाचतो तो आकडा सावलीतलाच असतो. हवामान खात्याचा तापमापक झरोक्यांच्या पांढऱ्या पेटीत, थेट उन्हापासून दूर ठेवलेला असतो. म्हणजे झाडाखाली हवेचं तापमान काही फार उतरलेलं नसतं. उतरतो तो अंगावर थेट पडणारा मारा. इंग्रजी शब्दातला गारवा तो हाच.

उंब्राचं खानदान मोठं आहे. 'अम्ब्रेला' त्यातली सगळ्यांत प्रसिद्ध लेक. इटालियन 'ओंब्रेल्लो'वरून आलेली ही वस्तू मुळात उन्हासाठी. पावसाशी तिचा संबंध नंतरचा. १७५० च्या दशकात लंडनमध्ये जोनास हॅनवे नावाचे गृहस्थ पावसात छत्री घेऊन हिंडू लागले तेव्हा लोकांनी त्यांची टर उडवली. सगळ्यांत जास्त चिडले भाड्याच्या घोडागाड्यांचे गाडीवान, कारण पाऊस आला की गिऱ्हाइकं गाडीत चढायची, ती आता छत्रीखाली चालत जाणार. छत्रीवर 'अम्ब्रेज' घेणं यालाच म्हणायचं. स्पॅनिश 'सोंब्रा', म्हणजे सावली, हिच्यावरून 'सोंब्रेरो' ही रुंद काठाची टोपी आली. तिचीच पोर्तुगीज बहीण 'सोंब्रैरो' जुन्या गोव्यात मोठ्या छत्रीला म्हणत. १५८३ ते १५८८ या काळात गोव्यात राहिलेल्या यान व्हान लिन्सखोटेन या डच माणसाच्या पुस्तकातल्या चित्रांत पोर्तुगीज साहेब ऐटीत चाललेले दिसतात आणि मागून नोकर ही छत्री धरून येतो.

रोमन लोक 'उंब्रा' आणखी एका अर्थाने वापरत, तो मला फार आवडतो. जेवणाचं आमंत्रण ज्याला आहे त्याने आपल्याबरोबर आणलेला, स्वतः आमंत्रण नसलेला पाहुणा म्हणजे 'उंब्रा', त्याची सावली. आपल्याकडच्या पंगतीत अशा सावल्या किती असतात ते आचाऱ्याला विचारावं.

जाता जाता एक खुलासा. उंब्रा आणि आपली छाया यांचं रक्ताचं नातं नाही. छायेची सख्खी बहीण ग्रीकमध्ये आहे: 'स्किया'. तिच्यावरून इंग्रजीत सावलीचं आणखी एक विशेषण आलं, 'अँफिशियन', म्हणजे दोन्ही बाजूंना सावली पडणारे. ग्रीक विचारवंत पोसिडोनिअसने पृथ्वीवरच्या लोकांची वाटणी माध्यान्हीच्या सावलीवरून केली होती. लंडनकराची दुपारची सावली वर्षभर उत्तरेलाच पडते. कर्कवृत्त आणि मकरवृत्त यांच्यामध्ये राहणाऱ्यांची मात्र कधी उत्तरेला, कधी दक्षिणेला. अख्खा महाराष्ट्र आणि गोवा कर्कवृत्ताच्या दक्षिणेला आहे, म्हणजे आपण सगळे 'अँफिशियन'. मुंबई-पुण्यात मेच्या मध्याला आणि जुलैच्या अखेरीस सावली बाजू बदलते आणि त्या दिवशी माध्यान्हीला ती पायाखालीच गडप होते. शून्य सावलीचा दिवस म्हणतात तो हाच. जुलैतला बहुतेक वेळा ढगांत जातो.

आता अवघड भाग. सावलीचा राग कसा झाला?

एका उडीत झाला नाही. सावली म्हणजे वस्तू नव्हे, वस्तूची अंधूक खूण. त्यामुळे 'अम्ब्रेज'ला इंग्रजीत आधी 'पुसट आभास' असा अर्थ आला. पुसट आभासावरून संशय ही पुढची पायरी: काहीतरी आहे, नीट दिसत नाही, पण आपल्या विरुद्ध असावं. सतराव्या शतकात 'अम्ब्रेज' हा संशय आणि त्यातून येणारी नाराजी या अर्थाने चांगलाच रुळला. त्या काळात तो देताही येत असे आणि घेताही: एखाद्या राजाने सीमेवर किल्ला बांधला की शेजाऱ्याला 'अम्ब्रेज दिला' म्हणत. देणं मागे पडलं, घेणं तेवढं उरलं. विशेषणाचंही तसंच झालं: आधी संशयी, मग रुसका.

पण ही शब्दकोशातली शिडी झाली. यामागचं चित्र स्पष्ट दिसतं ते फ्रेंचमध्ये, आणि ते चित्र घोड्याचं आहे. फ्रेंच 'ओंब्राजो' हे विशेषण सावलीला बिचकणाऱ्या घोड्याला लावतात. रस्त्यावर हलणारी फांदीची सावली दिसली की तो अडतो, कान टवकारतो, बाजूला उडी घेतो. तोच शब्द माणसाला लावला की अर्थ होतो: ज्याला कुठेही आपला अवमान दिसतो. आता कल्पना करायचीही गरज नाही, इतिहासातला सगळ्यांत प्रसिद्ध घोडा असाच होता. ग्रीक चरित्रकार प्लुटार्क सांगतो की ब्युसेफलस विकायला आणला तेव्हा किंमत सांगितली होती १३ टॅलेंट, म्हणजे भलीमोठी रक्कम, आणि तो कोणालाच अंगाला हात लावू देईना. अलेक्झांडरचा बाप फिलिप राजा म्हणाला, घेऊन जा हे जनावर. कोवळ्या वयाच्या अलेक्झांडरच्या मात्र एक गोष्ट लक्षात आली: घोडा समोर पडून हलणाऱ्या आपल्याच सावलीला भीत होता. त्याने लगाम धरून घोड्याचं तोंड सूर्याकडे वळवलं. सावली मागे गेली, घोडा शांत झाला.

मराठी वाचकाला हे पटायला वेळ लागू नये, कारण आपणही घोड्यावरूनच माणसावर आलो आहोत. जनावर बुजतं, आणि त्याच बुजण्यावरून माणूस बुजरा होतो. फरक एवढाच की आपला बुजरा माणूस दाराआड उभा राहून अंगठ्याने जमीन टोकरतो, आणि फ्रेंचांचा बुजरा घोडा माणूस झाला की पाय आपटत निघून जातो.

सावली आणि अवमान यांची सांगड इंग्रजी वाचकाला केवळ भाषेतली गंमत वाटेल. आपल्याकडे ती कायद्याइतकी कठोर होती. समाजशास्त्रज्ञ गो. स. घुर्ये यांनी नोंदवलं आहे की पेशवाईतल्या पुण्यात महार आणि मांग यांना दुपारी ३ नंतर आणि सकाळी ९ च्या आधी वेशीच्या आत यायला मनाई होती. कारण त्या वेळात सूर्य कलता असतो, सावल्या लांब पडतात आणि ती सावली वरच्या जातीच्या माणसावर पडली तर त्याला विटाळ होई. इथे रूपक वगैरे काही नाही. खरीखुरी सावली, खराखुरा सूर्य आणि त्यावरून ठरलेली माणसाच्या येण्याजाण्याची वेळ. प्लुटार्कच्या गोष्टीत निदान घोडा स्वतःच्या सावलीला भीत होता.

शेतकऱ्याकडे सावलीवरून रुसायला जास्त समजण्याजोगं कारण असतं. बांधावरच्या शेजाऱ्याच्या झाडाची सावली आपल्या रानात पडली की तेवढ्या पट्ट्यात पीक खुरटतं, आणि त्यावरून दोन घरांचं बोलणं बंद होऊ शकतं. रोमन कवी व्हर्जिलही आपल्या गुराख्यांच्या कवितांच्या अगदी शेवटी सांगून जातो की सावली पिकांना बाधते. आयुष्यभर सावलीचे गोडवे गाणारे कवीही शेतकऱ्याच्या पोटचे असले की असं एखादं खरं वाक्य लिहून जातात.

नव्या इंग्रजीत सावलीचा अवमानाशी पुन्हा एकदा संबंध आला आहे, आणि तो उंब्राशिवाय. 'थ्रो शेड', म्हणजे कोणाला अंगावर न जाता, गोड हसत, शालजोडीतला हाणणं. न्यूयॉर्कमधल्या कृष्णवर्णीय आणि लॅटिनो समलिंगी-पारलिंगी लोकांच्या, नटूनथटून नाचण्याच्या 'बॉल' स्पर्धांच्या जगात ही बोली घडली. तिथून ती सगळीकडे पसरली आणि २०१७ साली मेरियम-वेब्स्टर कोशात दाखल झाली. म्हणजे आता इंग्रजीत सावली फेकताही येते आणि समोरच्याला ती लागली तर त्याला 'अम्ब्रेज' घेताही येतो. या दोन प्रयोगांमध्ये तीनशेहून अधिक वर्षांचं अंतर आहे आणि एकाचा दुसऱ्यावरून उगम झालेला नाही, तरी जोडी जमली खरी.

मग हा शब्द वापरायचा का, आणि कसा?

झाडासाठी वापरणार असाल तर जरा जपून. 'ॲन अम्ब्रेजस बॅनियन' चूक मुळीच नाही, पण आज तो वाचताना जुन्या गॅझेटिअरचा वास येतो. ब्रिटिश अमदानीत आमराया आणि वडांना हे विशेषण इतक्या वेळा लावलं गेलं की ते शिक्क्यासारखं झालं. साध्या वर्णनात 'शेडी' किंवा 'लीफी' पुरतं. जुन्या वळणाचं किंवा मुद्दाम भारदस्त, थोडं मिश्कील लिहायचं असेल तर 'अम्ब्रेजस' ठीक. ढगाच्या, इमारतीच्या, गाडीच्या सावलीला तो लावू नका, कानाला खटकतो.

माणसासाठी मात्र मला तो फार नेमका वाटतो. यात एक बारकावा आहे. 'टेक अम्ब्रेज' ही घटना आहे, पुढे 'ॲट' लागतो आणि कारण सांगावं लागतं: अमुक शेऱ्यावर राग धरला. 'अम्ब्रेजस' हा स्वभाव आहे, त्याला कारण लागत नाही. शिवाय हा राग आरडाओरड्याचा नसतो, मानाचा असतो. लग्नात विहीणबाईंचं पान चार पानं खाली मांडलं गेलं, त्या काहीच बोलल्या नाहीत, जेवल्या दोन घास, आणि 'आम्हाला काय, कुठेही चालतं' म्हणाल्या, तर त्यांनी 'अम्ब्रेज' घेतला. मांडव सजलेला, पान पहिल्या रांगेत, आणि तरी बाई कोणी वेडंवाकडं बोलतंय का ते कान देऊन ऐकत बसल्या आहेत, तर त्या 'अम्ब्रेजस'. दुसऱ्या प्रकारच्या बाईंसाठी मराठीत 'रुसकी' म्हटलं तर पोर वाटते, 'संतापी' म्हटलं तर भांडी आपटणारी वाटते, 'मानी' म्हटलं तर कौतुक होतं. 'नाकावर राग' जवळचा, पण त्यात संशयाची छटा नाही. इंग्रजी शब्दात ती घोड्याकडून आलेली आहे.

'शेडी' आणि 'अम्ब्रेजस' यांची अदलाबदल करण्याचा मोह होतो, कारण दोन्ही 'सावलीदार'. झाडांपुरती ती चालते, माणसांवर आलं की अजिबात नाही. 'शेडी' माणूस म्हणजे संशयास्पद, ज्याच्याविषयी दुसऱ्यांना शंका येते. 'अम्ब्रेजस' माणूस म्हणजे ज्यालाच दुसऱ्यांविषयी शंका येते. 'शेडी' प्लंबर नळाची जुनी तोटी नवी म्हणून बसवून जाईल. 'अम्ब्रेजस' प्लंबरचं काम चोख असेल, पण तोटी किती वर्षं टिकेल असं विचारलंत तर तो पाना पिशवीत टाकून चालू लागेल.